सोलापूरच्या बाजारातले दोर : गुंफायला कोणता घ्यावा?

सोलापुरात दोर विकला जातो किलोवर आणि निवडला जातो रंगावर. गिऱ्हाईक वेटोळं हातात घेतं, दोन्ही मुठींत धरून एक हिसका देतं आणि भावाला लागतं. एवढ्या परीक्षेत दोराचं बळ थोडंफार कळतं. पण दोर मधोमध क्वचितच तुटतो. तुटतो किंवा निसटतो तो गाठीपाशी. साधी गाठ मारली की दोराचं जवळजवळ निम्मं बळ तिथंच जातं, चांगल्यातल्या चांगल्या गाठीतही चौथा-पाचवा हिस्सा जातो. तोच दोर पेड उकलून स्वतःच्याच अंगात नीट गुंफला, ज्याला कारखान्यात आणि बोटीवर स्प्लाइस म्हणतात, तर ९० टक्क्यांच्या आसपास बळ शिल्लक राहतं. म्हणून दोर घेताना आमच्या मते पहिला प्रश्न हाच असावा: याचे पेड गुंफता येतील का, आणि ती गुंफण ओढीखाली टिकेल का?

मंगळवार पेठेच्या आसपास सहज मिळणारे दोर याच कसोटीवर तपासले आहेत. विणीचा दोर ८ मिमी, बाकी सगळे १२ मिमी.

थोडक्यात हवं असेल त्यांच्यासाठी: बोअर, ट्रॉली, ताडपत्री, मांडव यांना तीन पेडी पीपी (पॉलिप्रोपिलीन), म्हणजे बाजारात ज्याला डॅनलाइन म्हणतात तो. जनावरांना फक्त सुती. गाडी ओढायला खरं नायलॉन, तेही माहितगाराच्या हातात. घायपात, म्हणजे केकताडाच्या वाखाचा दोर, गुंफायला सगळ्यांत गुणी, पण पाण्याला टिकत नाही. काथ्या गुंफण्यासाठी घेऊ नये. पट्टीसारख्या चपट्या धाग्यांचा स्वस्त रंगीत दोर तर कशासाठीच घेऊ नये.

दुकानात उभं राहून काय बघायचं

आपल्याकडे प्लास्टिकच्या कुठल्याही दोराला नायलॉन म्हणायची सवय आहे आणि तिथंच पहिला घोटाळा होतो. नायलॉन आणि पीपी यांचं बळ, ताण, वजन, गुंफायची पद्धत सगळंच वेगळं. ओळखायची सोपी खूण म्हणजे पाणी. बोटभर तुकडा पेल्यात टाकून दाबून सोडा, म्हणजे आत अडकलेली हवा निघते. पीपी वर येतं, नायलॉन तळाला जातं. पीपी म्हणून घेतलेला तुकडा बुडायला लागला तर त्यात भेसळ आहे असं समजा.

दुसरी गोष्ट वजनाची. १२ मिमीचा चांगला तीन पेडी पीपी दोर १०० मीटरला साधारण साडेसहा किलो भरतो, नायलॉन नऊच्या आसपास, घायपात साडेदहाच्या पुढे. म्हणजे एका किलोत पीपी १५ मीटर मिळतं, नायलॉन ११ आणि घायपात ९ ते साडेनऊ. किलोचा भाव ऐकून घायपात स्वस्त वाटतं, मीटरवर हिशेब केला की चित्र बदलतं. दुकानदाराला मीटर मोजून मग वजन करायला सांगावं. बहुतेक जण ना म्हणत नाहीत.

तिसरी आणि गुंफणाऱ्यासाठी सगळ्यांत महत्त्वाची गोष्ट म्हणजे पीळ. एका पेडावर बोट ठेवा आणि तोच पेड पुन्हा त्याच बाजूला वर येईपर्यंतचं अंतर मोजा. हे अंतर दोराच्या जाडीच्या साडेतीन पटीच्या आत हवं, म्हणजे १२ मिमीला चार-सव्वाचार सेंटिमीटरपर्यंत. ते पाच-साडेपाचवर गेलं तर पीळ सैल आहे. सैल पिळाचा दोर हाताला मऊ लागतो, म्हणून लोकांना आवडतो, पण त्याच्यात घातलेले टाके, म्हणजे एका पेडाखालून ओवलेले दुसरे पेड, ओढीखाली सरकतात. उलट फार कडक पिळाच्या दोरात टोचा (पेड उचलायचं निमुळतं साधन) शिरता शिरत नाही. मग टोक वीतभर उकलून सोडून द्या. सुटे झालेले पेड आपापलं वळण धरून राहिले तर दोर चांगला. लगेच त्यांचे धागे पिंजारले तर गुंफताना प्रत्येक टाक्याला त्रास देणार.

सुती

यंत्रमागाच्या या गावात सुताला तोटा नाही, तरी दोराचं सूत पारखून घ्यावं लागतं. पेडातला एक धागा काढून त्याचा पीळ सोडा आणि हलके ओढा. तंतू चटकन सरकून धागा वेगळा झाला तर आखूड तंतूंचं, टाकाऊ कापसाचं सूत आहे. असा दोर दिसायला पांढराशुभ्र असतो, पण पहिल्याच पावसाळ्यात धागे सोडतो.

चांगला सुती दोर गुंफायला शिकण्यासाठी सर्वोत्तम. पेड वळण धरतात, एकमेकांना चिकटून बसतात, तीन पूर्ण टाक्यांत काम पक्कं होतं. दावं, कासरा, गळ्यातला दोर यांना दुसरं काही वापरू नये. खिलार बैल मानेला झटका देतो तेव्हा गाठीचा गड्डा कातडीवर घासतो, केस जातात, मग जखम आणि जखमेवर माशी. टोक दोरातच गुंफून केलेल्या फाशाला, म्हणजे कायमच्या कडीला, असा गड्डा नसतो. शिवाय तो आवळत नाही, म्हणजे जनावर अडकून पडलं तरी गळा दाबला जात नाही. फासा एवढाच ठेवावा की मानेवर बसल्यावर आत दोन बोटं सहज जातील आणि डोक्यावरून मात्र निघणार नाही. त्यासाठी तो जनावराच्या गळ्यातच मापून गुंफावा लागतो, म्हणून पेड आधी उकलून, टोकं बांधून तयार ठेवावेत. सिद्धेश्वराच्या जत्रेतल्या जनावरांच्या बाजारात किंवा बेंदराच्या आधी नवे दोर घेतले जातात, तेव्हाच हे करून टाकलेलं बरं.

सुताचा दोष एकच: ओलं झालं की आवळतं आणि कुजतं. शेणामुतात पडलेला दोर धुऊन वाळवला नाही तर वर्षभरात आतून काळा पडतो.

घायपात आणि काथ्या

केकताडाच्या वाखाचा पिवळसर दोर गुंफणाऱ्याला मनापासून आवडतो. धागे खरखरीत असल्यामुळे टाका बसला की हलत नाही. तीन टाके पुरतात, वजनी कामाला चार घालावेत. गुंफण्यापूर्वी टोकाकडचा दोन हात भाग पंधरा-वीस मिनिटं पाण्यात ठेवला तर पेड मऊ येतात आणि कुसळं हाताला कमी लागतात. कप्पीवरून जाणारा दोर जोडायचा तर लांब सांध याच दोरात किंवा सुतातच करावी. तिच्यात एका बाजूचा पेड उकलून त्याच्या खाचेत दुसऱ्या बाजूचा पेड बसवत न्यायचा असतो, त्यामुळे जाडी वाढत नाही आणि सांध कप्पीतून न अडखळता जाते. दोर मात्र भरपूर खर्ची पडतो, १२ मिमीला दोन्ही बाजूंनी अर्धा-अर्धा मीटर तरी धरा. गुळगुळीत पीपीत किंवा नायलॉनमध्ये ही सांध ओढीखाली सुटते. तिथं करू नका.

घायपाताचं दुखणं आतून सुरू होतं. वरून सोनेरी दिसणारा दोर पीळ उलगडून बघा. आत तपकिरी भुकटी दिसली की तो वजनाला वापरायचा नाही. बळही मुळात कमी, त्याच जाडीच्या पीपीच्या निम्म्याच्या आसपास.

काथ्याचं सुंभ मांडवाच्या बांबूंना, कुंपणाला, बाजेला ठीक. बळ फार कमी आणि धागे आखूड, त्यामुळे गुंफलं तरी टाके सैल राहतात आणि वरून सुतळीचे वेढे घालावेच लागतात. मेहनतीच्या मानाने हाती काही लागत नाही.

तीन पेडी पीपी

इथं जरा थांबून सांगायला हवं, कारण जिल्ह्यात सर्वांत जास्त हाच दोर वापरला जातो आणि सर्वांत जास्त चुकीचा गुंफलाही जातो. हलका, पाणी न पिणारा, कुजत नाही, १२ मिमीचा चांगला दोर दोन टनांच्या आसपास तुटतो. पण धागा गुळगुळीत आणि ताठ. सुती दोराच्या सवयीने कोणी यात तीन टाके घालून सोडलं की तिसऱ्या-चौथ्या ओढीला पेड मागे सरकू लागतात. पीपीला पाच पूर्ण टाके हवेत, त्याखाली नाही.

फासा असा करायचा. टोकापासून जाडीच्या वीसपट, म्हणजे १२ मिमीला २५ सेंटिमीटर (नवख्या हाताने ३०) मोजून तिथं सुतळीने किंवा चिकटपट्टीने दोर घट्ट बांधा. त्याच्या पुढचे पेड उकला आणि प्रत्येक पेडाचं टोक चिकटपट्टीने गुंडाळून निमुळतं करा. टोक बांधलं नाही तर दुसऱ्या टाक्यापर्यंत पेडाचा पिंजारा होतो. मग हव्या त्या मापाचा फासा वळवून उकललेला भाग मूळ दोरावर ठेवा. ज्या खुंटीत किंवा कडीत तो बसणार तिच्या व्यासाच्या तिप्पट तरी फाशाची लांबी हवी. आखूड फाशात दोन्ही अंगं फाकतात आणि पहिल्या टाक्यावरच ओढ येते.

फासा आपल्याकडे आणि मूळ दोर पुढे, असं धरा. नेहमीच्या दोरात पेड खालून डावीकडून वर उजवीकडे चढत जातात, टाके त्याच्या विरुद्ध, उजवीकडून डावीकडे घालायचे. मधला पेड आधी: मूळ दोराचा एक पेड टोच्याने उचला आणि त्याच्याखालून तो काढा. मग डावीकडचा: पहिला पेड जिथून बाहेर आला त्याच फटीतून तो आत शिरतो आणि डावीकडच्या पुढच्या पेडाखालून निघतो. आता सगळं उलटं करा. मागच्या बाजूला मूळ दोराचा एकच पेड मोकळा राहिलेला दिसेल, तिसरा पेड त्याच्याखालून न्यायचा, आणि इथंही उजवीकडून शिरून डावीकडेच निघायला हवा. दहातल्या नऊ चुका या तिसऱ्या पेडावर होतात. दोर उलटा केल्यामुळे दिशा बदलल्यासारखी वाटते आणि हात डावीकडून शिरतो. तपासायची खूण पक्की आहे: पहिला फेर झाल्यावर तीन फटी, तीन पेड, प्रत्येक फटीतून एकच पेड बाहेर. एका फटीतून दोन निघाले असतील तर उसवा आणि पुन्हा घाला, पुढे जाऊन ते सुधारत नाही.

यानंतर प्रत्येक पेड शेजारच्या एका पेडावरून आणि त्याच्या पुढच्याखालून. तिन्ही पेडांचा एक फेर म्हणजे एक पूर्ण टाका, असे पाच. प्रत्येक टाक्याआधी पेडाला त्याच्या मूळ पिळाच्या दिशेने थोडा पीळ द्यावा, नाहीतर तो चपटा होऊन बसतो आणि ओढ सगळ्या धाग्यांवर सारखी येत नाही. फेर झाला की तिन्ही पेड सारख्या जोराने आवळा. एक पेड जास्त ओढला गेला तर सगळा भार त्याच्यावर जातो आणि पहिला तोच तुटतो. पाच झाल्यावर निमुळतं करायचं तर एक पेड तिथं सोडा, दुसऱ्याला सहावा आणि तिसऱ्याला सातवा टाका घाला. काही जण पाचाच्या आतच धागे कापून गुंफण बारीक करतात. दिसायला सुबक होते, बळ जातं.

शेवटी गुंफण पायाखाली लाटा, लाकडी हातोडीने हलके ठोका आणि एकदा बेताची ओढ देऊन बसवा. शेपटं जाडीएवढी, म्हणजे सेंटिमीटरभर ठेवून मगच कापायची. कापून टोक हलकं वितळवावं, पण पेडाच्या मुळाशी ज्वाळा नेऊ नये. पीपी १६५ अंशांच्या आसपास वितळतं. शेजारच्या पेडाचे दोन-चार धागे जळले तरी गुंफण तिथून कमजोर होते, आणि वितळलेला थेंब बोटावर पडला तर कातडीसकट निघतो. काडेपेटीपेक्षा गरम केलेली सुरी बरी.

बोअरच्या पाणबुडी मोटारीचा दोर हे या फाशाचं सर्वांत मोलाचं काम. दोन इंची पाइपात दर मीटरला जवळजवळ दोन लिटर पाणी उभं असतं. १०० मीटरवर मोटार असेल तर नुसतं पाणीच दोनशे किलोंच्या घरात, वर मोटार आणि पाइपाचं वजन. पाइप सुटला तर हे सगळं झटक्यासह दोरावर येतं. तिथं गाठ मारलेला १२ मिमीचा दोर भरवशाचा नाही. फासा थिंबलवर, म्हणजे खाचेच्या धातूच्या कडीवर, घट्ट बसवून गुंफावा आणि डी शॅकलने, म्हणजे पिनेने बंद होणाऱ्या डी आकाराच्या कडीने, मोटारीच्या कानाला जोडावा. बिडाच्या कानात दोर थेट ओवला तर धार हळूहळू त्याला कापते. शॅकलची पिन स्टेनलेस तारेने बांधून टाकावी, मोटारीच्या थरथरीने ती फिरते. खोल बोअरला १४ किंवा १६ मिमी घ्यावा.

काही ठिकाणी फासा वळवून वर लोखंडी तार गुंडाळून देतात आणि तोच पक्का म्हणून सांगतात. तार पीपीत रुतते, गंजते आणि दोर तिथंच कापला जातो. असा तयार फासा आला तर तो भाग कापून टाकून नव्याने गुंफावा.

पीपीचा खरा शत्रू ऊन. सोलापूरच्या एप्रिल-मेमध्ये पारा ४० च्या वर असतो, पण नासाडी गरमीपेक्षा उन्हातल्या अतिनील किरणांनी होते. पत्र्यावर, ट्रॉलीवर बारा महिने पडलेल्या दोरावरून हात फिरवला आणि पांढरी भुकटी किंवा बारीक कुसळं हाताला लागली तर वरचे धागे मेले आहेत. अशा दोरात गुंफण घालून उपयोग नाही, टाका आवळतानाच धागे तुटतात. गळीत हंगाम संपला की उसाच्या ट्रॉलीचे दोर सावलीत टांगून ठेवावेत. बोअरमध्ये ऊन पोचत नाही, तिथं फक्त केसिंगच्या वर राहिलेला दोन-तीन हात भाग जपायचा, त्याच्यावर जुना पाइपाचा तुकडा चढवला की झालं.

पट्टीच्या धाग्यांचा रंगीत दोरही पीपीच असतो आणि शेजारच्याच वेटोळ्यात पडलेला असतो. पेड उकलले की धागे चपट्या चिंध्यांसारखे फाटत जातात, वळण धरत नाहीत, सात टाके घातले तरी सैल. कितीही स्वस्त मिळाला तरी नको.

नायलॉन

बळ पीपीच्या दीडपट, झिजेला चिवट, उन्हालाही त्याहून बरं. पण धागा रेशमासारखा निसरडा, पेड सोडताक्षणी फुलतात. टोकंच नाही, तर दर पाच सेंटिमीटरवर पेडाला चिकटपट्टी लावून घ्यावी आणि टाका जाईल तशी ती काढावी. सहा पूर्ण टाके घाला, शेपटं दोन सेंटिमीटर ठेवा आणि पहिल्या वजनी ओढीनंतरच कापा, कारण ती आत सरकतातच. ओलं झाल्यावर नायलॉनचं दहा-पंधरा टक्के बळ कमी होतं, वाळलं की परत येतं.

नायलॉन ताणतं फार, तुटण्याआधी आपल्या लांबीच्या तिसऱ्या हिश्श्याएवढं किंवा त्याहून जास्त. चिखलात रुतलेला ट्रॅक्टर हळूहळू ओढायला हा गुण कामाचा. पण तुटला तर टोक गोळीसारखं मागे येतं आणि टोकाला लोखंडी आकडा असेल तर तो जीव घेऊ शकतो. ओढताना दोराच्या रेषेत कोणी उभं राहू नये आणि मध्ये आकडा जोडू नये, दोन्ही टोकांना मोठे गुंफलेले फासेच ठेवावेत.

तुटलेले दोन तुकडे जोडायचे तर आखूड सांध: दोन्हीकडचे पेड एकाआड एक अडकवून समोरासमोर दाबायचे, मध्ये सुतळीने बांधायचं आणि एका बाजूने सगळे टाके घालून मग दुसऱ्या बाजूने तेवढेच. पीपीला पाच-पाच, नायलॉनला सहा-सहा, सुताला तीन-तीन. सांधेवर जाडी दीडपटीच्या आसपास होते, त्यामुळे ती कप्पीतून जात नाही.

गोल विणीचा पोकळ दोर

यात पेड उकलून गुंफणं नाही. टोक निमुळतं करून दोराच्याच पोटात सरकवायचं. ओढ आली की वीण आवळते आणि आतल्या टोकाला धरून ठेवते. ८ मिमीला आत गेलेलं टोक ५० ते ६० सेंटिमीटर हवं, शेवटचा वीतभर भाग धागे टप्प्याटप्प्याने कापून बारीक केलेला. ओढ नसताना ते टोक सुटून येऊ शकतं, म्हणून दाभणाने आरपार चार-सहा टाके शिवून घ्यावेत. विकत घेताना आत वेगळा गाभा भरलेला नाही हे टोक दाबून बघा, गाभा असेल तर ही पद्धत चालत नाही.

टोचा

लाकडी टोचा वीतभर लांब, बुडाशी अडीच-तीन सेंटिमीटर जाड आणि टोकाला निमुळता पण बोथट असावा, शिसवीचा किंवा बाभळीचा. टोकदार लोखंडी आर वापरली तर ती पेडाच्या बाजूने न जाता पेडातच घुसते, धागे तोडते, आणि टाका अर्ध्या पेडाखालून जातो. पीपीसाठी त्याहून सोयीचं साधन म्हणजे अर्ध्या इंची स्टीलच्या नळीचा वीतभर तुकडा, एका बाजूने लांब तिरका कापलेला, निम्मी नळी उघडी. तो फटीत घातला की तयार झालेल्या पन्हळीतून पेड सरळ पुढे ढकलता येतो, उचललेला पेड निसटत नाही. कुठल्याही वेल्डिंगच्या दुकानात कापून मिळतो. कडा मात्र कानशीने आणि मग पॉलिशपेपरने इतक्या गुळगुळीत करून घ्या की सुती कापडावरून फिरवल्यावर एकही धागा अडकणार नाही.